सुखदर्शनचं देवक

५ जानेवारी २०२५, रविवार

केशवनं यंदाही डायरी आणून दिली. बेळगावच्या एका सोसायटीत आम्ही दोघांनी समोरासमोरच्या टेबलांवर नोकरी काढली. निवृत्तीनंतर तो खासबागेत कुंड्या सांभाळतो आणि मी येळ्ळुरात बसून माणसांना नावं ठेवतो, असं शेवंताचं म्हणणं. शेवंता म्हणजे माझी बायको. एरवी मी डायरीत बोअर कधी चालू केला, सिलिंडर कधी लावला एवढंच लिहितो. आज जरा जास्त लिहावं लागणार.

रचनानं जेवताना सांगितलं की तिला लग्न करायचं आहे. मुलगा तिच्याच कारखान्यातला, उद्यमबागेत. हुशार, निर्व्यसनी, स्वभावानं शांत. मी घास उचलला आणि विचारलं, नाव काय?

"सुखदर्शन सिंग."

घास ताटातच राहिला.

"लुधियानाकडचा आहे, बाबा. पाच वर्षं इथंच आहे. मराठी बोलतो."

मराठीसाठी मी उभा जन्म मोर्च्यांत घातला, दुकानांच्या पाट्यांवरून भांडलो, एकदा पोलिसांच्या गाडीतूनही फिरून आलो. लेकीनं कानडी मुलगा आणला तर काय बोलायचं, हे मी मनाशी कधीचं तयार करून ठेवलं होतं. पंजाब्याची काहीच तयारी नव्हती.

शेवंतानं न विचारता माझ्या भातावर आणखी आमटी वाढली. म्हणजे तिला आधीपासून ठाऊक होतं. मी हो म्हटलं नाही, नाही म्हटलं नाही. हात धुऊन बाहेर जाऊन बसलो.

१२ जानेवारी, रविवार

मुलगा येऊन गेला. उंच इतका की आमच्या दाराला वाकून आत आला. निळी पगडी, इस्त्रीचा शर्ट. मराठी बोलतो, पण कारखान्यातल्या पोरांकडून शिकल्यामुळे पहिलंच वाक्य, "काका, लई भारी जागा आहे तुमची!"

आमच्या भिंतीला भिंत लावून भावकूआप्पा राहतात. माझे थोरले चुलते, नव्वदी ओलांडलेले. भावकीत लग्नाचा शेवटचा शब्द त्यांचा. त्यांचा मुलगा परशराम माझ्याहून बराच लहान, मला अण्णा म्हणतो. आप्पा काठी टेकत आले, खुर्चीत बसले आणि पोराला पायापासून पगडीपर्यंत बघून घेतलं.

"नाव काय रं?"

"सुखदर्शन, आप्पा."

"ह्ये कसलं नाव?"

पोरानं सांगितलं. त्यांच्यात मूल झालं की ग्रंथसाहेब उघडतात आणि पान वाचतात. त्याचं पहिलं अक्षर येईल त्यावरून नाव ठेवायचं. याच्या वेळी 'स' आला. घरात चर्चा सुरू झाली, सतनाम की सरबजित. आजी उंबऱ्यात बसली होती, तिनं समोर बघितलं. दारात सुखदर्शनचं झाड फुललेलं होतं. म्हणाली, हेच. त्यांच्याकडं हे झाडाचंही नाव आणि माणसाचंही, कुणाला त्यात काही वेगळं वाटत नाही. त्यानं मोबाइलवर फोटो दाखवला. लांब रुंद पानं, मधून दांडा, त्यावर पांढऱ्या फुलांचा झुबका.

"अगं बाई," शेवंता म्हणाली, "ही तर आपल्या हौदाजवळची सुदर्शन!"

"कान ठणकला की पिळतो ते?" आप्पांनी विचारलं.

"व्हय आप्पा, माझी आई पण गरम करून कानात टाकते," पोरगा म्हणाला. आप्पा एवढे हसले की त्यांना ठसका लागला.

शेवंतानं त्याला मागं हौदाकडं नेलं. तो तिथं बराच वेळ उभा होता. परमुलखात गाववाला भेटावा तसा त्या पानांवरून हात फिरवत होता. मी म्हटलं, "बाप्याला झाडाचं नाव म्हणजे जरा गंमतच." शेवंता म्हणाली, "मला शेवंता म्हणून हाक मारताना तुमची जीभ कदी अडली न्हाय ती!" मी म्हटलं, बायकांचं वेगळं असतं.

पोरगा वाईट नाही. वाईट असता तर बरं झालं असतं.

२६ जानेवारी, रविवार

लग्नाची तारीख काढायची घाई चालली आहे. पोराला कंपनी दहा मार्चला जर्मनीला पाठवते आहे, दोन वर्षांसाठी. त्याआधी लग्न व्हावं, मग रचनाचे कागद करता येतील. शेवंता आणि रचनानं मिळून तेवीस फेब्रुवारी धरलीसुद्धा.

मी आज देवकाचा विषय काढला. आमच्यात प्रत्येक घराण्याचं एक देवक असतं, बहुतेक झाडच. आमचं कळंब. आम्ही कळंबाला एरवी कुऱ्हाड लावत नाही, त्याचं लाकूड चुलीत घालत नाही. लग्नाआधी त्याची फांदी आणायची, मारुतीच्या देवळात पुजायची आणि वाजत आणून मांडवाच्या खांबाला बांधायची. दोन्हीकडची देवकं बसल्याशिवाय अक्षता नाहीत. आणि दोघांचं देवक एक निघालं तर सोयरीकच नाही. मी विचारलं, यांचं देवक काय? रचनाला सांगता येईना.

म्हणून मी स्वतः मुलाच्या वडिलांना, मुख्तियार सिंगांना फोन लावला. "भाईसाब, आपका देवक क्या है?" तिकडं कुणीतरी टीव्ही बंद केला. मग ते म्हणाले, "जी, हमारी कोई माँग नहीं है." मी पुन्हा विचारलं. ते म्हणाले, "कसम से कुछ नहीं चाहिए, बेटी दे दीजिए बस." शेवंता तोंडाला पदर लावून स्वयंपाकघरात पळाली.

मी रचनाला सांगितलं, देवक नाही तर मांडव नाही. ती म्हणाली, "मग कोर्टात करू, बाबा. तुम्ही सही करायला या." एवढं बोलून ती खोलीत गेली ती जेवायलाही आली नाही. मी काही हट्टानं बोललो नाही. रीत ती रीत.

२ फेब्रुवारी, रविवार

आप्पा माझ्या बाजूनं बोलतील म्हणून मी त्यांच्याकडं गेलो आणि सगळं सांगितलं. परशराम बाजूला बसून अडकित्त्यानं सुपारी कातरत होता. आप्पांनी शांतपणे ऐकून घेतलं.

"त्येंच्या दारात झाड हाय ते कोण तोडतंय काय?"

मी म्हटलं, नसतील तोडत. पोरगा सांगत होता, आई कुणाला हात लावू देत नाही.

"आन् त्येचंच नाव पोराला दिलंय."

"व्हय."

"मग देवक आनि काय वेगळं असतंय रं, मारुती? जे दारात हाय, ज्येला कुऱ्हाड लावत न्हाईत, ज्येचं नाव कुळात चालतंय, ते देवक. सुदर्शन बांध त्येच्या खांबाला. आपलं कळंब, त्येंचं सुदर्शन. एक न्हाय, म्हंजे जुळतंय."

परशराम सुपारी तोंडात टाकत म्हणाला, "अण्णा, कुऱ्हाड मीच घेनार बरं का." देवकाच्या पुढं कुऱ्हाड खांद्यावर घेऊन चालायचा मान थोरल्या घरचा. आप्पांनी माझ्या लग्नात घेतली होती, आता परशराम घेणार. मुलाच्या बाजूनं आई-बाप म्हणून केशव आणि त्याची बायको उभी राहतील असं ठरलं, कारण तिकडची मंडळी ऐन वेळी येणार आणि त्यांना यातलं काही ठाऊक नाही. भावकीतलं कुणी चालत नाही, परकंच पाहिजे.

रचना आज माझ्या शेजारी जेवायला बसली.

१६ फेब्रुवारी, रविवार

आप्पांना काल दवाखान्यातून घरी आणलं. डॉक्टर म्हणाले, वय झालंय, आता घरीच ठेवा. परशराम दोन रात्री झोपलेला नाही. मी जाऊन बसलो. आप्पांनी डोळे उघडले आणि विचारलं, "पोरगीचं कवा हाय?" पुढच्या रविवारी, म्हटलं. त्यांनी मान हलवली.

शेवंता दुपारपासून मागं लागली आहे की देवक आताच बसवून घ्या. तिचं खरं आहे. एकदा देवक बसलं की मग कार्याला सुतक लागत नाही. बसायच्या आधी आप्पांचं काही झालं तर आम्ही सगळे सुतकात. आणि आप्पांसारखा माणूस गेल्यावर भावकी वर्षभर दारात मांडव घालू देणार नाही. पोरगा दहा मार्चला जाणार तो जाणारच. मग पुढचं पुढं.

मी म्हटलं, भटजींनी शनिवार दिलाय. शनिवारी बसवू.

लिहायला लाज वाटते, पण इथं नाही तर कुठं लिहायचं? लग्न पुढं गेलं तर दोन वर्षांत पोरं आपोआप विसरतील, असं एकदा मनात येऊन गेलं. कुणाला नाही म्हणावं लागणार नाही, कुणाचे शिव्याशाप नाहीत. आप्पांच्या उशाशी बसून हे मनात आलं.

१९ फेब्रुवारी, बुधवार

शेवंतानं परस्पर भटजींना फोन केला. ते म्हणाले, लग्नाच्या आधी दहा दिवसांत केव्हाही देवक बसवा, शनिवारच पाहिजे असं काही नाही. ती माझ्यासमोर येऊन उभी राहिली. मी म्हटलं, फांदी कुठाय? आमच्या शिवारातला कळंब गेल्या पावसाळ्यात वाऱ्यानं पडला. आता कणकुंबीपर्यंत जावं लागणार. तिथं माझ्या ओळखीच्या एकाच्या बांधावर कळंब आहे.

"मग जावा की. जावई गाडी घिऊन यायला तयार हाय."

जावई म्हणायला लागली. मी म्हटलं, आज माझं अंग जरा कसकसतंय. तिनं माझ्या कपाळाला हात लावून बघितला आणि आत गेली. थोड्या वेळानं आतून तिच्या रडण्याचा आवाज आला. लग्न होऊन तेहतीस वर्षं झाली, मी तिला अशी रडताना फारशी ऐकलेली नाही.

उद्या जाणार.

२१ फेब्रुवारी, शुक्रवार

कालचं आज रात्री लिहितो आहे.

सकाळी सुखदर्शन गाडी घेऊन आला. निघताना आप्पांच्या दारात डोकावलो. श्वास वर चालला होता, पण ओळख होती. परशराम म्हणाला, "अण्णा, लौकर या."

जांबोटीत पोचलो आणि शेवंताचा फोन आला. आप्पांना दम लागलाय, जास्त आहे, काय करतासा ते बघा. रडत होती. मी पोराला सांगितलं. त्यानं गाडी बाजूला घेतली, मागं बघितलं आणि मला न विचारता बेळगावच्या दिशेला फिरवलीसुद्धा.

"काका, आधी आप्पांकडे जाऊ. तुम्ही तिथं पाहिजे. लग्न काय, नंतर पण होईल. मी येईन परत. रचना थांबेल, मी पण थांबतो."

जे चार दिवस माझ्या मनात होतं, ते तो स्वतःच्या हातानं माझ्या पुढ्यात ठेवत होता. मला काही करायचं नव्हतं, फक्त गाडीत बसून राहायचं होतं. घरी गेल्यावर सगळे म्हणाले असते, मारुतीनं बरोबर केलं, चुलत्यासाठी परत आला. शेवंताही काही बोलू शकली नसती.

पोराच्या डोळ्यांत पाणी होतं. तो आप्पांना मोजून चार वेळा भेटला असेल.

"गाडी फिरव," मी म्हटलं.

"फिरवली ना काका."

"परत फिरव. कणकुंबीला."

मी म्हटलं, "आप्पांनीच ठरवलंय हे लग्न. कळंब घेतल्याशिवाय मी त्यांना तोंड दाखवणार नाही." हे बोलताना मला एकदम हलकं वाटलं. चार दिवसांत पहिल्यांदा अंग कसकसत नव्हतं.

जांबोटीच्या पुढं फोन लागत नाही. कणकुंबीत बांधावरच्या कळंबाला हळद-कुंकू लावलं, नारळ फोडला, पोरानं चपला काढून हात जोडले. फांदी ओल्या फडक्यात गुंडाळली. परतताना जांबोटीत पुन्हा रेंज आली आणि लगेच परशरामचा फोन.

"अण्णा, मिळाली फांदी?"

"मिळाली. आप्पा कसे हाईत?"

"झोपल्यात." आवाज बसलेला होता, जागरणानं असेल. "आमच्याकडं येऊ नगासा. तडक मारुतीच्या देवळात जावा. केशवराव आल्यात, सगळी तयारी हाय. आजच बसवा देवक."

गावात पोचलो तर खरंच देवळापाशी केशव आणि त्याची बायको नटूनथटून उभी होती. हलगीवाला आला होता, रचनाच्या दोन मैत्रिणी आल्या होत्या, भटजी घाम पुसत बसले होते. शेवंता म्हणाली, परशरामनं एकट्यानं फोन करून सगळ्यांना गोळा केलं. मला बरं वाटलं. पण परशराम स्वतः कुठं दिसेना. बाळाबाईही नाही. बाळाबाई म्हणजे त्याची बायको, गाणी म्हणायला नेहमी पहिली.

मुलाचं देवक हौदाजवळून घ्यायचं होतं. सुखदर्शननं रेल्वेत बसलेल्या आईला फोन लावला. ती म्हणाली, आधी हात जोड, मग माफी माग, मग पान तोड. त्यानं तसंच केलं. केशवच्या बायकोनं ते पान पदरात घेतलं.

कुऱ्हाडीसाठी मी परशरामच्या दाराशी गेलो. दार लोटलेलं. चुलीचा धूर नव्हता, एरवी त्या वेळी बाळाबाईच्या भाकरी थापल्याचा आवाज येतोच येतो, तोही नव्हता. हाक मारल्यावर परशराम उंबऱ्याच्या आत येऊन उभा राहिला. बाहेर येईना.

"चल की रं, कुऱ्हाड घे."

"तुमी घ्या, अण्णा. तुमचीच घ्या घरातली."

"अरं, मान तुमचा."

"मी न्हाय येत. उशीर करू नगासा."

माझ्याकडं बघतही नव्हता. माझं डोकं भडकलं. गल्लीतले चार लोक ऐकत होते, त्यांच्यासमोर मी म्हटलं, "पंजाबी पोराचं देवक म्हणून कुऱ्हाड जड झाली व्हय रं? गोड बोलायला पुढं, उभं ऱ्हायला मागं!" त्यानं दाराची चौकट घट्ट धरली होती. एक शब्द उलटून बोलला नाही. म्हणजे माझं बरोबरच होतं.

कुऱ्हाड मीच खांद्यावर घेतली. वाजत घरी मांडवात आलो. एका खांबाला मी आणि शेवंतानं कळंब बांधला, दुसऱ्याला केशवनं सुदर्शनचं पान. भटजींनी मंत्र म्हटले आणि दिवे लागायच्या आत देवक बसलं. शेवंता खांबाला डोकं टेकून उभी राहिली.

दिवे लागले आणि परशराम आमच्या अंगणाच्या कडेला येऊन थांबला. आत आला नाही. "अण्णा, आप्पा गेलं," म्हणाला.

आप्पांनी देवक बसेपर्यंत जीव धरून ठेवला, असं सगळे म्हणतात. मलाही तसंच वाटतं. पण शेवटचं तोंड बघायला मिळालं नाही. देवक बसलेलं असल्यामुळे आज आम्हा नवराबायकोला मातीलाही जाता आलं नाही. ज्यांनी मला खांद्यावर बसवून राजहंसगडावर नेलं, त्यांना मी खांदा दिला नाही. खिडकीतून बघत राहिलो. परशराम मडकं घेऊन पुढं चालला होता.

त्याला बापाचं दुःख आहे, ठीक. पण कुऱ्हाडीचं मी विसरणार नाही.

दुपारी मुलाचे आईवडील स्टेशनवर उतरले. मुख्तियार सिंगांनी माझे दोन्ही हात धरले आणि बराच वेळ सोडले नाहीत. त्यांना आप्पांचं कळलं होतं.

२३ फेब्रुवारी, रविवार

लग्न झालं. कार्यालयात, बँड न लावता. रचना छान दिसत होती. कार्यालयात निघण्याआधी मुलाच्या आईनं आमच्या दारच्या मांडवातल्या सुदर्शनच्या पानाला ओढणीचा पदर लावून नमस्कार केला आणि शेवंताला मिठी मारली. दोघींना एकमेकींची भाषा येत नाही, पण दोघीही थांबत नव्हत्या.

पाठवणीच्या वेळी मी कोरडा राहीन असं मी ठरवलं होतं. रचना गळ्यात पडली, म्हणाली, "बाबा, तुम्ही गाडी परत फिरवलीत ते सुखीनं सांगितलं मला." मी तिथंच लहान पोरासारखा रडलो. केशवनं मला खुर्चीवर बसवलं.

परशरामकडचं कोणी नव्हतं. ते सुतकात, येणार कसे? तरी मनात बोचत राहिलं.

२४ फेब्रुवारी, सोमवार

देवक उठवलं. फांदी आणि पान दोन्ही हौदाच्या पाण्यात सोडली. पोरं तिकडच्या विधीसाठी पंजाबला निघाली. घर रिकामं झालं. शेवंता म्हणाली, परशरामकडं जाऊन या. मी म्हटलं, बघू.

४ मार्च, मंगळवार

आज आप्पांचं तेरावं. न जाऊन चालणार नव्हतं. परशरामनं डोक्याचे केस उतरवलेले, एकदम म्हातारा दिसायला लागलाय. मला बघून म्हणाला, "या अण्णा." मी नुसती मान हलवली आणि केशवच्या शेजारी जाऊन बसलो.

पंगत लागायला वेळ होता. केशव परशरामकडं बघत म्हणाला, "मोठ्या काळजाचा माणूस, मारुती. त्या दिवशी दुपारी फोनवर बोलताना त्याला हुंदका आवरत नव्हता. तरी मला म्हणतोय, केशवराव, तुम्ही परके, तुम्हाला सांगितलेलं चालतंय, पण अण्णांच्या..."

आणि तो थांबला. तांब्या उचलून उगाच पाणी प्यायला.

"दुपारी?" मी विचारलं.

"काय दुपारी?" केशव म्हणाला आणि चप्पल शोधायला उठला.

मी तिथंच बसलो. सुतक कळल्यापासून लागतं. कानावर पडलं नाही तोवर लागत नाही. एवढा नियम मला ठाऊक आहे, आणि मला ठाऊक आहे हे परशरामलाही ठाऊक होतं. परतताना जांबोटीत मला कळलं असतं तर मी काय केलं असतं, हेही त्याला ठाऊक होतं. मी ती फांदी तिथंच रस्त्याकडेला ठेवली असती. रीत ती रीत म्हणत रचनाकडं तोंड वर करून बघितलं असतं.

म्हणून बाप गेल्यावर त्यानं दार लोटून घेतलं. बायकोला मोठ्यानं रडू दिलं नाही. बापाजवळून उठून एकेकाला फोन केले, भटजी बोलावले, हलगी बोलावली. ज्याला सुतक लागलंय त्यानं कुऱ्हाडीला हात लावायचा नसतो, म्हणून आत उभा राहिला. आणि मी चार लोकांत त्याला काय काय बोललो.

शेवंता बायकांत बसली होती. मी तिला बाजूला बोलावून म्हटलं, "शेवंता, आप्पा दुपारीच..." तिनं माझ्या तोंडावर हात ठेवला. "मला सांगू नगासा. आन् त्येलाबी इचारू नगासा." म्हणजे तीही कुठंतरी जोडून बसली होती.

परशराम मागच्या दारी पत्रावळी मोजत होता. मी त्याच्यासमोर जाऊन उभा राहिलो.

"परशराम, त्या दिवशी मी तुला नको ते बोललो."

त्यानं पत्रावळी खाली ठेवल्या.

"आप्पा दिवे लागल्यावर गेल्यात, अण्णा."

"मी विचारलं नाही रं."

"न इचारताच सांगतोय. रचीच्या देवकाला कोण नाव ठेवायला नगो. दिवे लागल्यावर गेल्यात."

"व्हय," मी म्हटलं. "दिवे लागल्यावरच."

आणि मला उभ्या उभ्या रडू फुटलं. आप्पा गेल्यापासून मी त्यांच्यासाठी रडलोच नव्हतो, ते सगळं तिथं आलं. परशरामही रडला, त्याचंही बहुधा राहूनच गेलं होतं. आतून बाळाबाईनं हाक मारली, पंगत थांबलीय म्हणून. त्यानं माझा हात धरून आत नेलं, स्वतःच्या शेजारचा पाट ओढला आणि मला बसवलं.